डब्यातले हात

३ जानेवारी

दादा,

'प्रिय' लिहिलं होतं, खोडलं. खोडलेलं दिसतंय, तर दिसू दे. आपल्या कामात खोडलेलं कधी दिसायचं नाही, पुढचं चित्र आलं की आधीचं गेलंच. कागदाचं तसं नसतं.

अकरा वर्षांनी लिहितेय, तेव्हा आधी खुशाली. मी बरी आहे. बाबांचं काचेचं दुकान अजून चालवते. त्यांच्या वेळी खिडक्यांच्या काचा जास्त जायच्या, आता लोक चित्रं आणि फोटो मढवून घ्यायला येतात. गुडघे कुरकुरतात, डोळे ठणठणीत आहेत. तुझी खुशाली विचारत नाही, ती छापून आलेली आहे.

झालं असं, की काल चित्रकलेच्या बाई दुकानात आल्या. इथल्या शाळेत शिकवतात. चांगल्या आहेत, फक्त बोलण्याच्या नादात काउंटरवरच्या वस्तू उचलून भलतीकडे ठेवतात. त्यांच्याकडे मढवायला एक पोस्टर होतं. उलगडलं तर आपल्या 'पाठ' सिनेमाचं. आईची पाठ, मोकळे केस, आणि खाली तुझं नाव आईच्या खांद्याएवढ्या अक्षरांत.

"यांना ओळखता का हो?" बाईंनी विचारलं. "फार मोठे आहेत. काचेवर वाळू पसरतात, खालून दिवा, वरून कॅमेरा, आणि बोटांनी एकेक चित्र सरकवत अख्खा सिनेमा करतात. आणि एकटे!"

मी म्हटलं, "हो का? कडेला किती जागा सोडू?"

चौकटीचा रंग जुळवायला म्हणून त्या तुझ्या मुलाखतींचं पुस्तक माझ्याकडे ठेवून बाजारात गेल्या. मी ते वाचलं. पान एकसष्टवर तुला विचारलंय, सुरुवातीच्या काळात कुणाची मदत व्हायची का? तू म्हणतोस, "वाळू आणि मी, मध्ये तिसरं कुणी नाही. हां, धाकटी बहीण वाळू चाळून द्यायची."

चाळून द्यायची! चौदा वर्षं, पाच सिनेमे, तू कॅमेऱ्यापाशी आणि मी काचेपाशी. त्या पाच सिनेमांत वाळूचा एक कण तुझ्या बोटाने हललेला नाही. आयत्या पिठावर रेघोट्या ओढणारे मी पुष्कळ पाहिलेत. तू तर त्या रेघोट्यासुद्धा माझ्याकडून ओढून घेतल्यास.

इतकी वर्षं मी काही बोलले नाही, कारण तूही काही बोलला नव्हतास. माझं नाव नव्हतं, ठीक आहे, नव्हतं. पण नाव नसणं वेगळं आणि हातात चाळणी देणं वेगळं.

बाईंकडूनच कळलं की एक मार्चला तुमच्या शहरात तुझ्या सिनेमांचं सिंहावलोकन आहे, शेवटी मानपत्र आहे. बाई त्या समितीवर आहेत. मानपत्र घ्यायला उभा राहशील तेव्हा एक वाक्य म्हण. तुला सुचायला त्रास नको, मीच लिहून देते: "या पाचही सिनेमांतली वाळू माझ्या बहिणीने हलवली." एवढंच. मला बोलावू नकोस, हार नको, शाल नको.

नाही म्हणालास तर मी काय करेन ते अजून ठरवलेलं नाही. मला ठरवायला वेळ लागत नाही, हे तुला माहीत आहे.

पोस्टर छान मढवून दिलंय. काच मीच कापली.

मुंगी

(हे नावही तूच ठेवलेलं. कणकण उचलते म्हणून.)


१९ जानेवारी

दादा,

उत्तर मिळालं. तीन ओळी. "जुनं उकरण्यात अर्थ नाही. प्रत्येक कलावंताला मदतनीस असतात. तब्येत सांभाळ." भावाने बहिणीला टाईप करून पत्र पाठवावं, याचंच आधी हसू आलं. सहीसुद्धा वेडीवाकडी, कुणाच्या तरी अंगावर फेकल्यासारखी. एवढी कसली घाई होती?

तर आता मदतनीस काय करायची ते उकरूनच सांगते.

मागची खोली. पंखा बंद, खिडकी बंद, तोंडाला रुमाल. काचेखालच्या दिव्याने कोपरापर्यंत घाम यायचा, पण थेंब पडला की वाळूचा गोळा होतो, म्हणून मनगटांना चिंध्या बांधायच्या. वाळू पातळ केली की उजेड, जाड केली की काळोख, सगळं जग एवढ्यातच बसवायचं. तू एकदा शिंकलास आणि तीन दिवसांचा जिना उडून गेला, आठवतं? मी रडले आणि तू म्हणालास, "काय मुंगे, वाऱ्यावरची वरात." मग दोघंही हसत सुटलो होतो.

आईचा एक केस सरकवायला कधी कधी पाव तास लागायचा. केस सरकवायचा, हात काचेवरून काढायचा आणि म्हणायचं, "बाहेर." मग तू खुर्चीत बसल्या बसल्या लांब वायरीच्या टोकाचं बटण दाबायचास. झालं एक चित्र. परत हात आत, परत केस, परत "बाहेर." सेकंदाला बारा चित्रं लागतात आणि 'पाठ' सहा मिनिटांचा आहे. म्हणजे एकट्या 'पाठ'मध्ये मी चार हजारांहून जास्त वेळा स्वतःला बाहेर म्हटलंय, आणि प्रत्येक वेळी मुकाट्याने गेलेय.

तुझं काहीच नव्हतं असं मी म्हणत नाही, मी तुझ्यासारखी नाही. कोणतं चित्र किती वेळ थांबवायचं, आवाज कुठे गप्प करायचा, हे तुला कळायचं. 'गाठ'मध्ये दोरी स्वतःलाच बांधून घेते आणि शेवटी आवाज येतो तो दाराच्या कडीचा, ही कल्पना तुझी. अजून अंगावर काटा येतो. हे मी कुणालाही सांगेन. तुझ्याच्याने माझं एक वाक्य सांगवत नाही.

आणि ती कड! पुस्तकात एका समीक्षकाने तुझ्या धुरकट कडेवर तीन पानं लिहिलीत. रेषा जिथे संपते तिथे ती विरत जाते, असं दुसऱ्या कुणाला जमलेलं नाही म्हणे. तू उत्तर देतोस, "ती माझ्या बोटांची सही आहे." कुठल्या बोटाची रे? तुझ्या दहाही बोटांना नखं आहेत. नखाच्या बोटाने वाळूत चर पडतो. ती कड पडते माझ्या उजव्या हाताच्या मधल्या बोटाने, ज्याचं वरचं पेर नाही, म्हणून नखही नाही.

ते पेर का नाही, हेही सांगते. मी आठ वर्षांची, तू बारा. दुकानात काच तू धरली होतीस आणि तूच सोडलीस. बाबा धावत आले तेव्हा मी म्हणाले, "माझ्या हातून निसटली." बाबांनी आधी बोट बांधलं आणि मग महिनाभर मला दुकानात पाय टाकू दिला नाही. तू दारात उभा होतास, काही बोलला नाहीस. ती सवय तेव्हाची आहे, तुझी आणि माझीही.

आता डब्याविषयी. तू अनेकदा मी "बाहेर" म्हणायच्या आधीच बटण दाबायचास आणि चित्रात माझा हात यायचा. फिल्म धुऊन आली की म्हणायचास, "मुंगे, हात काप." मी कात्रीने ते चित्र कापायची आणि दोन टोकं जोडायची. कापलेलं टाकून देते असं तुला वाटायचं. मी ते आईच्या बटणांच्या पत्र्याच्या डब्यात ठेवायची. का ठेवले ते विचारू नकोस, मलाही सांगता येणार नाही. दोनशे अकरा तुकडे आहेत. प्रत्येकात एक हात, मधलं बोट आखूड.

डबा अजून बाईंना दाखवलेला नाही. तू वाक्य घोकायला घे.

मुंगी


६ फेब्रुवारी

दादा,

वहिनीचा फोन आला होता. तिच्यावर चिडू नकोस, तिने तुझ्या काळजीने केला.

"वन्सं, तुम्हाला सांगायचं नाही असं यांनी बजावलंय, पण मला राहवत नाही. यांचे हात थरथरतात हो. दोन वर्षं झाली. अर्धा चहा बशीत सांडलेला असतो. आणि त्या समितीने विचारलं, लोकांसमोर तासभर वाळूचं काम करून दाखवाल का? तर हे 'हो' म्हणून बसले!"

"हो का म्हणाला?" मी विचारलं.

"समोर पत्रकार होते ना! आणि नुसतं हो नाही. म्हणाले, 'पाठ'मधली आई इतकी वर्षं पाठमोरी आहे, त्या दिवशी ती वळेल, तिचा चेहरा दिसेल. आता तेच सगळीकडे छापून आलंय. आदल्या दिवशी आजारी पडतो म्हणतायत."

तर टाईप केलेलं पत्र आणि ती सही, आता कळलं.

आता माझं ऐक. ते काम करून दाखवण्याचं समितीला कुणी सुचवलं, याचा तू विचार करत असशील. मी सुचवलं. पोस्टर न्यायला बाई आल्या तेव्हा कागद गुंडाळता गुंडाळता म्हटलं, "एवढे मोठे कलावंत, मग लोकांसमोर करायलाच सांगा की. हात तरी बघायला मिळतील." बाईंनी टाळीच वाजवली. माझं पहिलं पत्र तुला पोचायच्याही आधीची ही गोष्ट आहे. "अजून ठरवलेलं नाही" असं मी त्यात लिहिलं होतं ना, ते खोटं होतं. हात दाखवून अवलक्षण कशाला म्हणतात ते तुला कळावं, एवढीच माझी इच्छा होती.

थरथरीचं मला माहीत नव्हतं. माहीत असतं तर सुचवलं नसतं का? तेव्हाही सुचवलं असतं. फोन ठेवल्यावर माझ्या हातून एक मोठी काच मोडली, एवढं मात्र सांगते. दुकान हातात घेतल्यापासूनची पहिलीच.

पण आई वळेल म्हणजे काय? कुणाला विचारून? 'पाठ' करताना तू मला विचारलं होतंस, शेवटी तिला वळवायची का? मी म्हटलं, नाही, अशीच राहू दे. कारण सांगितलं नाही आणि तू विचारलंही नाहीस. मग मुलाखतींत त्याचं काय काय झालं! मुलाचं दुःख काय, न दिसणारी आई काय. नाकाने कांदे सोलणारे सगळे. त्या खांद्याखालचा खळगा, मानेवरचा तीळ, विरळ झालेल्या केसांतून दिसणारी कातडी, हे तुला कुठून ठाऊक असणार? आईच्या आजारपणाचे चार महिने तू बाहेरगावी सिनेमा शिकत होतास. ती पाठ रोज सकाळी ओल्या फडक्याने मी पुसायची. मुलाचं दुःख म्हणे.

अजून वेळ गेलेली नाही. आजारी पडू नकोस, वाक्य म्हण. "माझे हात चालत नाहीत आणि कधी चाललेही नव्हते, वाळू बहिणीने हलवली." लोक उलट हळहळतील. तू त्यातूनही मोठाच होशील, मला माहीत आहे, आणि तरीही मी तयार आहे.

मुंगी


१३ फेब्रुवारी

दादा,

या वेळी हाताने लिहिलंस. चार पानं. अक्षर बघून पत्र दोनदा खाली ठेवलं, ते आधी सांगून टाकते आणि मोकळी होते.

आता बाकीचं. तू म्हणतोस, रंगमंचावर अर्धा पडदा असेल, टेबल पडद्याआड. वरच्या कॅमेऱ्याने टिपलेलं चित्रच तेवढं मोठ्या पडद्यावर जाईल, म्हणजे बटण दाबेपर्यंत लोकांना काही दिसणार नाही. मी आधीच जाऊन आत बसायचं. मी वाळू हलवायची, हळूच "बाहेर" म्हणायचं, तू दाबायचं. तासाभरात पन्नास चित्रं, शेवटची काही आई वळण्याची. मग मी मागच्या दाराने निघायचं. "पूर्वीसारखं. शेवटचं एकदा." आणि वाक्य? "ते मी नंतर योग्य वेळी सांगेन." काय हुशार आहेस! गरज सरो नि वैद्य मरो, आणि इथे तर गरज सरायच्या आधीच वैद्याला मागचं दार.

आणि तिसऱ्या पानावरचं ते. तू लिहितोस, "डब्यातले हात चुकून आलेले नाहीत. निदान पुढचे तरी. मी मुद्दाम लवकर दाबायचो. तुझा हात फार सुंदर दिसायचा काचेवर. कुठेतरी राहावा असं वाटायचं."

मी पुरती पाच मिनिटं हसले. मग भिंग घेऊन डबा उपडा केला.

तुझं खरं निघालं. 'गाठ' आणि 'जिना'मधले हात पुसट आहेत, निघता निघता सापडलेले. ते चुकीचे. पण 'पाठ'मधले एकशे चाळीस हात एकदम स्वच्छ आहेत. थांबलेले. एकेका कणासकट. मी काम करतेय आणि तू शांतपणे बघून, थांबून, दाबलं आहेस.

तुला वाटलं असेल मी विरघळेन. दादा, मला इतका राग आयुष्यात आला नाही. म्हणजे तुला माहीत होतं! विसरला नव्हतास, चुकला नव्हतास. माझा हात तिथे आहे, तो सुंदर आहे, हे तुला दिसत होतं, तू तो टिपत होतास, आणि मग कात्री माझ्याच हातात देऊन "हात काप" म्हणत होतास. चूक असती तर मी माफ केली असती.

आता माझ्याकडची गोष्ट, म्हणजे हिशेब अर्धवट नको. पहिल्या स्पर्धेचा अर्ज भरताना नावाला एकच ओळ होती. तू पेन हातात घेऊन माझ्याकडे बघितलंस. मीच म्हणाले, "तुझंच लिही." हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही, बाईंनाही सांगणार नाही. तेव्हा मला वाटलं होतं, तू एकदा तरी "नको" म्हणशील. तू लगेच लिहिलंस. शाई वाळायच्या आत पाकीट बंद.

येते. पडद्याआड बसेन. वाळू मी घरून चाळून आणते, तिथली नको.

मुंगी


४ मार्च

दादा,

तू एक तारखेला मागच्या दाराने गेलास तो फोनही उचलत नाहीस. वहिनी म्हणते खोलीत बसून असतोस. तर मागे काय झालं ते तुला माहीत असावं म्हणून लिहिते.

पहिली चाळीस चित्रं तर छानच झाली, नाही का? खोटं बोलणार नाही, मला मजा येत होती. मी "बाहेर" म्हणायची, तू दोन्ही हातांनी बटण धरून दाबायचास, वर पडद्यावर आई एक केसभर हलायची आणि पलीकडे अख्खं सभागृह श्वास घ्यायचं. एकदा आपली नजरानजर झाली आणि तू हसलास. मागच्या खोलीत हसायचास तसाच. त्या वेळी मी जवळजवळ बेत सोडला होता.

मग तू कुजबुजलास, "आता वळव."

मला आई वळवता आली नसती. का ते आता सांगते, तीस वर्षं तुला सांगितलं नाही. आई ते चार महिने भिंतीकडे तोंड करून निजायची. मी म्हणायची, आई, इकडे वळ ना. ती म्हणायची, "तो आला की हाक मार, मग वळते." रोज तेच. तू आला नाहीस, परीक्षा होती. आलास तेव्हा तिला वळवायचं काम इतरांनी केलं होतं. तू करत होतास त्या सिनेमात ती का वळत नाही, याचं कारण तू होतास. तुझ्यावर नव्हे, माझ्यावरच उपकार म्हणून मी ते पोटात ठेवलं होतं, कारण सांगितलं असतं तर तू तो सिनेमा केलाच नसतास, आणि मला तो करायचा होता.

म्हणून मी वळवली नाही. आईच्या पाठीवर, त्या खळग्याच्या वर, तळवा ठेवला. रोज सकाळी ठेवायची तसा. आणि तिथेच राहू दिला.

तू म्हणालास, "मुंगे, बाहेर."

मी म्हणाले, "दाब."

"लोक थांबलेत."

"थांबू देत. तू एकशे चाळीस वेळा दाबलंयस, कुणी बघत नसताना. आता बघत असताना एकदा दाब."

तुझे हात थरथरत होते, ते आजाराने की कशाने, मला माहीत नाही. तू बटण टेबलावर ठेवलंस, नीट, आवाज न करता, आणि निघून गेलास. तेव्हा तुला हाक मारावीशी वाटली. वाईट वाटलं आणि बरंही वाटलं. बरं जास्त वाटलं.

मग मी डाव्या हाताने बटण उचललं. चौदा वर्षांत त्याला मी कधी बोट लावलं नव्हतं. तू म्हणायचास, सगळी कला त्या क्षणात आहे, नेमकं कधी दाबायचं. तोंडातून सवयीने "बाहेर" निघालंच माझ्या. हात मात्र होता तिथेच ठेवला आणि दाबलं. दादा, ते किती हलकं आहे! दाराच्या घंटेएवढाही जोर लागत नाही.

वर पडद्यावर आईची पाठ आली आणि तिच्यावर माझा हात, भिंतीएवढा. सुरकुत्या, काचेचे जुने ओरखडे, आखूड बोट. मग खुर्ची सरकल्याचा आवाज आला. चित्रकलेच्या बाई. त्यांनी ते बोट पाहिलेलं होतं, त्यांच्याच पोस्टरवर पट्टी धरताना. त्या तडक वर आल्या आणि पडदा बाजूला केला.

"तुम्ही?" त्या म्हणाल्या. "हे सगळं तुम्ही?"

मी उठले, गुडघे कुरकुरले. म्हणाले, "हो. आणि वाळूही मीच चाळायची."

त्यांना आधी कळलं नाही. मग पान एकसष्ट आठवलं असावं, कारण त्या खुर्चीवर मटकन बसल्या. लोकांनी टाळ्या वाजवल्या, हे तुला वर्तमानपत्रातून कळलंच असेल. डबा मी पिशवीतून नेला होता, गरज पडली तर म्हणून. पडली नाही. डब्यात दोनशे अकरा हात होते, हा दोनशे बारावा, आणि हा कापायला कुणी नव्हतं.

मानपत्र त्यांनी मला देऊ केलं. मी घेतलं नाही. त्यावर तुझं नाव आहे आणि ते तुझंच आहे. मढवायचं असेल तर पाठवून दे.

आता कामाचं. मी सिनेमा सुरू करतेय. मागची खोली रिकामी केली, दिवा बदलला, बाबांची जाड काच वरून काढली. त्या दोनशे बारा हातांपासून सुरुवात होणार आहे, पुढे काय होईल ते वाळू ठरवेल. पण चित्र किती वेळ थांबवायचं आणि आवाज कुठे गप्प करायचा हे मला अजून कळत नाही, आणि एकटीला सगळं उरकत नाही. बटण मी डाव्या हाताने दाबीन, त्याची चिंता नाही. वाळू चाळायला माणूस हवं आहे. मलमलीच्या दुहेरी फडक्यातून, तीनदा. हात थरथरत असतील तरी चालतं, चाळणीला उलट बरंच.

सोमवारी सकाळी दुकान नऊला उघडतं. पुढच्या दाराने ये.

आणि नावाची काळजी करू नकोस. मी तुझ्यासारखी नाही, सिनेमाच्या शेवटी तुझं नाव येईल. स्वतंत्र पाटी, मोठी अक्षरं, पुरते पाच सेकंद. त्याच्या वर काय काम केलं तेही लिहीन.

वाळू चाळली: दादा.

मुंगी